मोटारीची रिम बदलताना : बसते ते चाक आणि जुळते ते चाक



ऊस शेतकऱ्याच्या दारात एके काळी बैलगाडी असे. पुढे मोटारसायकल आली, ट्रॅक्टर आला, आणि आता आपल्या पुष्कळ सभासदांच्या अंगणात लहान मोटारही उभी असते. ही मोटार काही चैनीसाठी घेतलेली नसते. म्हाताऱ्या माणसांना दवाखान्यात न्यायचे, पोरांना कॉलेजच्या गावी सोडायचे, बँकेत जायचे, वेळप्रसंगी खताच्या दोन गोण्याही टाकून आणायच्या, अशी सगळी कामे तिच्यावर असतात. म्हणून तिच्याविषयी दोन शब्द या अंकात लिहावेत असे आम्हाला वाटले.

गळीत हंगाम सुरू झाला की उसाच्या वाहतुकीने रस्त्यांची काय दशा होते ते आपणांस सांगावयास नको. रात्री समोरून ट्रॉली आली, दिवे डोळ्यांवर पडले, की खड्डा दिसत नाही आणि गाडी धाडकन आपटते. टायर वाचला तर रिम चेपते, रिम वाचली तर टायर फुगतो. मग "दुसरी रिम कुठली बसंल हो?" हा प्रश्न घेऊन सभासद कारखान्याच्या वाहन विभागात येतात. या प्रश्नाचे उत्तर उभ्या उभ्या देता येत नाही. ते नीट समजावून सांगण्याचा हा प्रयत्न आहे.

मागील हंगामातील गोष्ट

वजनकाट्याच्या अलीकडे एक लहान मोटार उभी होती. गाडीत सभासदाची आई व दोन लेकरे होती. "पुढचं चाक हलल्यासारखं वाटतंय, स्टेअरिंग थरथरतंय," असे ते म्हणाले. आम्ही पाहिले तर डाव्या चाकाचे चारपैकी दोन नट बोटाने फिरत होते आणि तिसरा सैल होऊ लागला होता. चौकशी केल्यावर कळले की आठ दिवसांपूर्वी त्यांनी जुन्या बाजारातून दुसऱ्या बनावटीच्या गाडीची रिम घेतली होती. "भोकं चार, अंतर पण तंतोतंत. हाताने बसली की!" असे त्यांचे म्हणणे. आणि ते खोटे नव्हते. रिम बसली होतीच. परंतु ती जुळलेली नव्हती. मधले भोक हबपेक्षा मोठे होते, आणि नट शंकूच्या आकाराचे असून रिममधील त्यांची बैठक मात्र वाटीसारखी गोल होती. नट टेकत होते ते केवळ एका बारीक रेघेवर. हमरस्त्यावर साठ-सत्तरच्या वेगात ते चाक निखळले असते तर काय झाले असते, याचा विचारही नको वाटतो.

त्या सभासदांची चूक आम्ही फारशी मानत नाही. आपल्या सर्वांचीच ही सवय आहे. टायरच्या बैलगाडीला आपण मिळेल ते जुने चाक लावतो, आणि ते चालतेही. कारण बैलगाडी तासाला चार किलोमीटर चालते. मोटारीला तो हिशेब लागू पडत नाही. वास्तविक आपल्या जुन्या सुतार-लोहारांना ही गोष्ट पक्की ठाऊक होती. लाकडी चाकावर लोखंडी धाव चढवण्यापूर्वी लोहार चाकाचा घेर मोजायचा, धावेचा घेर मोजायचा, आणि धाव किती लहान ठेवायची ते ठरवूनच भट्टी पेटवायचा. डोळ्यांना सारखे दिसले म्हणून त्याने कधी धाव चढवली नाही. मोटारीच्या रिमचेही तसेच आहे. आधी मोजायचे, मग बसवायचे.

चाक कशाच्या जोरावर टिकते?

मापांकडे वळण्यापूर्वी एक गोष्ट समजून घेऊ. पुष्कळांची अशी समजूत आहे की गाडीचे वजन चार बोल्टांवर लटकलेले असते. तसे नाही. नट आवळला की बोल्ट किंचित ताणला जातो आणि रिमची मधली सपाट जागा हबच्या सपाट जागेवर घट्ट दाबली जाते. या दाबामुळे जे घर्षण निर्माण होते, त्याच्यावर चाक टिकते. मधले भोक हबच्या टोपीवर बरोबर बसले म्हणजे चाक मध्यावर राहते. नटाची बैठक जुळली म्हणजे दाब सर्व बाजूंनी सारखा पडतो. यांपैकी एक गोष्ट जरी बिघडली तरी घर्षण कमी होते, चाक सूक्ष्म हलू लागते, नट ढिले होतात, आणि मग सगळा भार खरोखरच बोल्टांवर येतो. त्यासाठी ते बनवलेले नसतात. म्हणून ते तुटतात.

हे एवढे ध्यानात ठेवले की पुढची सगळी मापे कशासाठी घ्यायची ते आपोआप कळते.

पहिले माप : बोल्टांची संख्या आणि वर्तुळ

सर्व बोल्टांच्या मध्यबिंदूंमधून जाणारे एक वर्तुळ कल्पावे. त्या वर्तुळाच्या व्यासाला गॅरेजमध्ये पीसीडी म्हणतात. मारुती स्विफ्ट, ह्युंदाई आय-१०, आय-२०, होंडा जॅझ या लहान गाड्यांना चार बोल्ट असून हा व्यास १०० मि.मी. आहे. फोर्ड फिगोला बोल्ट चारच, परंतु व्यास १०८ मि.मी. फोक्सवॅगन पोलोला व्यास १०० मि.मी., परंतु बोल्ट पाच. रेनॉ क्विडला तर तीनच बोल्ट आहेत. तेव्हा "लहान गाडी म्हणजे सगळ्यांची एकच रिम" हा समज मनातून काढून टाकावा.

चार भोकांच्या रिमवर हे माप घेणे सोपे आहे. समोरासमोरच्या दोन भोकांपैकी एकाच्या बाहेरच्या कडेपासून दुसऱ्याच्या आतल्या कडेपर्यंत मोजावे. भोके सारख्या मापाची असल्याने हेच मध्यापासून मध्यापर्यंतचे अंतर होय. पाच भोकांच्या रिमवर समोरासमोर भोके येत नाहीत. तेथे शेजारच्या दोन भोकांमधील मध्य ते मध्य अंतर मोजून त्याला १.७ ने गुणावे. ५८.८ मि.मी. आले तर व्यास १०० मि.मी. समजावा, आणि ६७.२ मि.मी. आले तर ११४.३ मि.मी.

येथे एक सापळा आहे. जुन्या फियाट पॅलिओचे वर्तुळ ९८ मि.मी.चे आहे. १०० आणि ९८ यांत फरक दोनच मि.मी.चा. भोकांत थोडी सैल जागा असते, त्यामुळे ९८ ची रिम १०० च्या हबवर ठोकून-ठाकून चढते आणि नटही आवळले जातात. परंतु प्रत्येक भोक एक मि.मी. आत असल्याने प्रत्येक नट तिरका बसतो आणि प्रत्येक बोल्ट वाकवला जातो. असा बोल्ट आज तुटत नाही. तो चार महिन्यांनी तुटतो. रिम चढवताना हातोडी लागली तर ती रिम आपली नव्हे, हा नियम समजावा.

दुसरे माप : मधले भोक

स्विफ्ट आणि ह्युंदाईच्या वर सांगितलेल्या गाड्यांच्या रिमचे मधले भोक ५४.१ मि.मी. आहे. होंडा जॅझचे ५६.१, पोलोचे ५७.१ आणि फिगोचे ६३.४ मि.मी.

आता समजा स्विफ्टची रिम जॅझला लावू गेलो. वर्तुळ जुळते, बोल्ट चार, परंतु ५४.१ चे भोक ५६.१ च्या हबवर चढणारच नाही. हे बरेच झाले म्हणायचे, कारण चूक तेथल्या तेथे कळते. उलट केले तर खरा धोका. जॅझची रिम स्विफ्टवर सहज चढते, परंतु सभोवार एक-एक मि.मी. पोकळी राहते. चाक मध्यावर राहण्याची सगळी जबाबदारी मग एकट्या नटांवर येते. वेग वाढला की स्टेअरिंगला कंप सुटतो. बॅलन्सिंग कितीही वेळा करून आणले तरी तो जात नाही, आणि मालक बिचारा गॅरेजचे उंबरठे झिजवीत राहतो.

बाजारात मिळणाऱ्या अलॉय रिमचे मधले भोक मुद्दामच मोठे ठेवलेले असते, म्हणजे एकच रिम अनेक गाड्यांना विकता येते. ही पोकळी भरून काढण्यासाठी कडी मिळते. तिला हब रिंग म्हणतात. तिचे बाहेरचे माप रिमच्या भोकाइतके आणि आतले माप आपल्या हबइतके हवे. नवीन अलॉय घेताना ही कडी मागून घ्यावी. दुकानदार "त्याची काय गरज नाही" म्हणाला तरी घ्यावी.

तिसरे माप : नटाची बैठक आणि पेच

नट हातात घेऊन त्याचा रिमला टेकणारा भाग पाहावा. स्विफ्ट व ह्युंदाईच्या नटाला शंकूसारखा उतार असतो. होंडाच्या कंपनी रिमला गोलसर बैठकीचा नट लागतो. काही अलॉय रिमना सपाट वॉशर असलेला नट लागतो. शंकूचा नट गोल बैठकीत किंवा गोल नट शंकूच्या बैठकीत कधीही लावू नये. वर सांगितलेल्या प्रसंगात हेच घडले होते.

पेचही तपासावा. स्विफ्टच्या बोल्टची जाडी १२ मि.मी. असून पेचाचे अंतर १.२५ मि.मी. आहे. ह्युंदाईच्या बोल्टची जाडी तेवढीच, परंतु पेच १.५ मि.मी.चा. दोन्ही नट टेबलावर ठेवले तर भावाभावांसारखे दिसतात. एकाचा नट दुसऱ्याच्या बोल्टवर एक-दोन फेरे जातोही, मग अडतो. अशा वेळी मोठा पाना लावून जोर केला की पेच सोलले गेलेच म्हणून समजा. नट नेहमी बोटांनी सुरू करावा. बोटांनी फिरत नसेल तर थांबावे.

अलॉय रिमची जाडी पोलादी रिमपेक्षा जास्त असते. त्यामुळे नटाला धरायला बोल्टचा भाग कमी उरतो. साधारण हिशेब असा की, बोल्टच्या जाडीइतकी लांबी तरी नटाने धरली पाहिजे. १२ मि.मी. बोल्टला १.२५ चा पेच असेल तर साडेनऊ फेरे, आणि १.५ चा असेल तर आठ फेरे होतात. नट बोटांनी लावताना फेरे मोजावेत. तीन-चार फेऱ्यांतच नट टेकला तर ती रिम किंवा ते नट आपल्या कामाचे नाहीत.

चौथे माप : रुंदी आणि ऑफसेट

रिमवर "५.५ जे × १५" असे कोरलेले असते. याचा अर्थ टायर जेथे बसतो तेथील रुंदी साडेपाच इंच आणि व्यास १५ इंच. "जे" ही अक्षरखूण रिमच्या काठाच्या आकाराची आहे. शेजारी ई-टी ही इंग्रजी अक्षरे व पुढे ४५ सारखा आकडा असतो. हाच ऑफसेट. रिमच्या रुंदीची मधली रेघ आणि हबला टेकणारी सपाट जागा यांच्यातील मि.मी. मधले हे अंतर होय.

आकडा जितका लहान, तितके चाक गाडीच्या बाहेर येते. पाण्याची घागर कमरेवर घेतली तर चालवते, तीच हात लांब करून धरली तर खांदा मोडतो. चाक बाहेर आले की बेअरिंगची गत तशीच होते.

एक उदाहरण घेऊ. मूळ रिम साडेपाच इंची, ऑफसेट ४५ आहे. दुकानदाराने साडेसहा इंची, ऑफसेट ३५ ची रिम दाखवली. रुंदी एक इंच म्हणजे २५.४ मि.मी. वाढली, त्यातली निम्मी १२.७ मि.मी. बाहेरच्या बाजूला गेली. ऑफसेट १० ने कमी झाला, म्हणून आणखी १० मि.मी. बाहेर. एकूण २२.७ मि.मी. चाक बाहेर आले, जवळजवळ एक इंच. परिणाम काय? बेअरिंगवरचा ताण वाढतो, खड्ड्यात स्टेअरिंग हिसके देते, गाडी भरली की टायर मडगार्डला घासतो, आणि पावसाळ्यात शेतातला सगळा चिखल दारांवर उडतो. दिसायला गाडी रुबाबदार दिसते हे खरे, पण रुबाबाची ही किंमत आहे.

जुन्या रिमवरचा आकडा पुसला गेला असेल तर घरीही माप काढता येते. रिम दर्शनी बाजूने पालथी पोत्यावर ठेवावी. पाठीमागच्या काठांवर सरळ पट्टी आडवी टेकवावी आणि पट्टीपासून हबला टेकणाऱ्या जागेपर्यंतची खोली मोजावी. मग रिमची काठापासून काठापर्यंत सगळी रुंदी मोजून तिचे निम्मे करावे. खोलीतून ही निम्मी रुंदी वजा केली की ऑफसेट मिळतो. खोली १२७.५ मि.मी. आणि सगळी रुंदी १६५ मि.मी. असेल तर १२७.५ वजा ८२.५, म्हणजे ४५. मूळ आकड्यापासून पाच मि.मी.पेक्षा अधिक फरक पडू देऊ नये असा आमचा सल्ला आहे.

पाचवे माप : टायरसह चाकाचा पूर्ण व्यास

"चौदाची काढून पंधराची टाकली तर चालेल का?" असे विचारतात. चालेल, परंतु टायर बदलून पूर्ण व्यास जवळजवळ तेवढाच राखला तर.

हिशेब अवघड नाही. २०११ पासूनच्या स्विफ्टमध्ये कमी किमतीच्या मॉडेलला १६५/८० आर १४ आणि वरच्या मॉडेलला १८५/६५ आर १५ ही मापे आलेली आहेत. पहिल्यात टायरची रुंदी १६५ मि.मी. आणि त्याच्या ८० टक्के, म्हणजे १३२ मि.मी. उंची. खालची-वरची मिळून २६४. रिम १४ इंच म्हणजे ३५५.६ मि.मी. बेरीज ६१९.६ मि.मी. दुसऱ्यात १८५ चे ६५ टक्के १२०.२५, दुप्पट २४०.५, रिम १५ इंच म्हणजे ३८१. बेरीज ६२१.५ मि.मी. फरक दोन मि.मी. देखील नाही. म्हणूनच कंपनीने ही दोन्ही मापे एकाच गाडीला दिली.

आता कोणी म्हणाला, "रिम चौदाचीच ठेवू, टायर तेवढा १८५/६५ चा टाकू." व्यास भरतो ५९६.१ मि.मी., म्हणजे सुमारे पावणेचार टक्के कमी. स्पीडोमीटरचा काटा वेग जादा दाखवणार, किलोमीटर जादा पडणार, आणि गाडी पावणेबारा मि.मी.ने खाली येणार. पाटाच्या कडेने, चाकोरीच्या वाटेने जाताना इंजिनाचे तेलपात्र दगडावर घासते ते अशाने. व्यासातला फरक दोन टक्क्यांच्या आत ठेवावा, आणि शक्य तो कंपनीने आपल्या मॉडेलला दिलेल्या मापांतच राहावे.

टायरची रुंदी रिमलाही मानवली पाहिजे. १८५/६५ आर १५ ला साडेपाच इंची रिम उत्तम. अरुंद रिमवर रुंद टायर फुगल्यासारखा बसतो आणि वळणावर लोळतो.

भाराचा हिशेब

टायरवर १६५/८० आर १४ च्या पुढे ८५ असा आकडा असतो. तो भाराचा निर्देशांक होय. ८२ म्हणजे एका चाकाला ४७५ किलो, ८५ म्हणजे ५१५ किलो, ८८ म्हणजे ५६० किलो. चांगल्या अलॉय रिमवरही कमाल भार किलोमध्ये कोरलेला असतो. तो न कोरलेली नवीन अलॉय रिम घेऊच नये. गाडीच्या माहितीपुस्तिकेत पुढच्या व मागच्या आसावरचा कमाल भार दिलेला असतो. त्याच्या निम्मा भार एका रिमने सहज पेलला पाहिजे. समजा पुढच्या आसावर ७५० किलो असेल तर प्रत्येक रिमला किमान ३७५ किलो. त्यातून आपण गाडीत पाच माणसे बसवून वर डिकीत गोण्या टाकणारी माणसे. तेव्हा हात राखूनच रिम निवडावी.

अलॉय रिमवर आयएसआयची खूण पाहावी. हलक्या मिश्रधातूच्या रिमसाठी आयएस १६१९२ हे भारतीय मानक आहे. परदेशी रिमवर जे-डब्ल्यू-एल ही जपानी मानकाची खूण आढळते. नुसती नक्षी पाहून रिम घेणे म्हणजे पाटी न वाचता बियाणे घेण्यासारखे आहे.

पोलादी की अलॉय?

अलॉय रिम दिसायला चांगली असते, पाण्याने गंजत नाही, काही वेळा वजनालाही हलकी असते. परंतु खड्ड्यात जोराचा मार बसला तर पोलादी रिम चेपते आणि अलॉयला चीर जाते. पोलादी रिमचा किरकोळ बाक यंत्रावर काढता येतो. चीर गेलेली अलॉय वेल्डिंग करून रस्त्यावर आणणे धोक्याचे आहे, कारण वेल्डिंगच्या उष्णतेने धातूची मूळची ताकद तेथे राहत नाही. ज्यांचे रोजचे जाणे-येणे उसाच्या वाहतुकीच्या रस्त्यावरून आहे, त्यांनी कंपनीची मूळ मापाची पोलादी रिम घ्यावी, असे आमचे स्पष्ट मत आहे. तिला वरून टोपी लावली की दिसायलाही वाईट दिसत नाही.

जुनी रिम घ्यायचीच असेल तर आधी पाण्याने धुऊन, कोरडी करून उन्हात पाहावी. नटांच्या भोकांभोवती चीर आहे का, भोके लांबट झाली आहेत का, ताजा रंग मारून काही झाकले आहे का, हे बघावे. बॅलन्सिंगच्या यंत्रावर नुसती रिम फिरवून तिचा काठ डुलतो का ते पाहिल्याशिवाय पैसे देऊ नयेत.

बसवताना

हबवरील गंज व चिखल तारेच्या ब्रशने काढावा. रंगाचे पोपडे राहू देऊ नयेत, कारण ते दबले की नट सैल होतो. चाक चढवून, नट बोटांनी लावून, हाताने एक पूर्ण फेरी फिरवावे. ब्रेकच्या कॅलिपरला कोठे घासत नाही ना हे ऐकावे. पुढचे चाक असेल तर स्टेअरिंग दोन्ही टोकांना पूर्ण वळवून पाहावे. नट समोरासमोरचे, फुलीच्या क्रमाने आवळावेत. शेवटचा आवळा टॉर्क पान्याने, माहितीपुस्तिकेत दिलेल्या आकड्याइतका द्यावा. पान्यावर उभे राहून उड्या मारू नयेत. त्याने बोल्ट लांबतो. पन्नास ते शंभर किलोमीटर चालल्यावर नट पुन्हा एकदा तपासावेत. वर सांगितलेल्या सभासदांनी एवढे जरी केले असते तरी दोष वेळेवर ध्यानात आला असता.

स्टेपनी विसरू नये. चारही चाकांना अलॉय आणि स्टेपनी पोलादी असेल, तर तिला लागणारे मूळचे चार नट डिकीत कापडात बांधून ठेवावेत. आडरानात पंक्चर झाल्यावर नट जुळत नाहीत हे कळून उपयोग नाही.

कायदा आणि विमा

मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम ५२ प्रमाणे, नोंदणी पुस्तकातील तपशील कंपनीच्या मूळ तपशिलापेक्षा वेगळा होईल असा बदल गाडीत करता येत नाही. सर्वोच्च न्यायालयानेही जानेवारी २०१९ मध्ये हे तत्त्व स्पष्ट केले आहे. कंपनीने आपल्या मॉडेलला दिलेल्या मापाची रिम व टायर घेतल्यास चिंतेचे कारण नाही. बाहेरची अलॉय रिम बसवली तर विमा कंपनीला लेखी कळवून पोच घ्यावी, म्हणजे दाव्याच्या वेळी तक्रार उद्भवणार नाही.

खिशात ठेवण्याची चिठ्ठी

रिम घ्यायला निघण्यापूर्वी आपल्या गाडीची पुढील माहिती एका चिठ्ठीवर लिहून घ्यावी आणि दुकानात प्रत्येक बाब ताडून पाहावी :

१. बोल्ट किती आणि वर्तुळाचा व्यास किती.
२. मधले भोक किती मि.मी.; मोठे असल्यास कडी आहे काय.
३. नटाची बैठक शंकूची, गोल की सपाट, पेच १.२५ की १.५.
४. रिमची रुंदी व ऑफसेट.
५. टायरचे माप व पूर्ण व्यास.
६. एका रिमला पेलावा लागणारा भार.

सहापैकी पाच जुळल्या आणि एक जुळली नाही तर ती रिम जुळली नाही असेच समजावे. येथे पस्तीस टक्क्यांना पास नाही.

ज्यांना मापे घेणे जमत नसेल त्यांनी संकोच न करता गाडी घेऊन वाहन विभागात यावे. मोजपट्टी आमच्याकडे आहे, आणि माप घ्यायला दहा मिनिटेही लागत नाहीत. त्या दिवशी वजनकाट्याजवळ ज्या आजी गाडीत बसल्या होत्या, त्या खाली उतरून म्हणाल्या, "बाबांनो, आधी सांगायचं न्हाई व्हय?" त्यांचे म्हणणे रास्त होते. म्हणून हे आता सर्वांना सांगितले. आपल्या घरच्या माणसांचा प्रवास सुखरूप होवो, एवढीच इच्छा.